सुपरहिरोच्या कातडीचा रंग कोण ठरवतो?

तासगाव तालुक्यातील एका गावच्या ग्रंथपाल बाईंनी विचारले आहे, ते थोडक्यात असे: "वाचनालयाच्या बालविभागासाठी सुपरहिरो कॉमिक्सचा संच घ्यायचा आहे. आमच्या एका कार्यकारिणी सदस्यांचे म्हणणे आहे की हल्ली विविधतेच्या नावाखाली नायकांचे वर्ण, धर्म आणि लिंग बदलतात, ही विक्रीची युक्ती आहे आणि तीही फसलेली. उलट आमच्याकडे येणाऱ्या मुली विचारतात की उडणारे सगळे गोरेच का असतात. यात खरे काय, पुस्तके निवडताना काय पाहावे, आणि मुलांकडून असे कॉमिक करून घ्यायचे झाल्यास सुरुवात कुठून करावी?"

या तिन्ही प्रश्नांचे उत्तर मी रंगाच्या डबीपासून सुरू करतो, कारण माझे आयुष्य त्याच कामात गेले. सांगलीत ट्रेडलवर छपाई होत असे त्या काळात मी ब्लॉकसाठी रंगांची विभागणी करायला शिकलो. पुढे ऑफसेट आले, मग संगणक आला. मधल्या काळात कॉमिक्सची अक्षरे काढली, इंग्रजी आणि हिंदी कॉमिक्सचे मराठी संवाद लिहिले, आणि आता शाळाशाळांतून चित्रकथेच्या कार्यशाळा घेतो. त्यामुळे 'विविधता असावी की नसावी' हा वाद मला नेहमी अधांतरी वाटतो. एखादे पात्र खरोखर कोण आहे हे मुखपृष्ठावर ठरत नाही. रंग भरणारा, संवादाचे फुगे लिहिणारा, संपादन करणारा आणि दुकानासाठी अंकांची मागणी नोंदवणारा अशी चार-पाच माणसे मिळून ते ठरवतात, आणि त्यांतली निम्मी ते ठरवत आहेत हे त्यांचे त्यांनाही ठाऊक नसते.

अमेरिकन कॉमिक्सचा जुना काळ घ्या. 1938 मध्ये सुपरमॅन आला तेव्हापासून पुढची चाळीसेक वर्षे हे अंक स्वस्त वृत्तपत्री कागदावर छापले जात. पिवळी, लाल आणि निळी अशा तीन शाया, आणि प्रत्येक शाईच्या चार पायऱ्या: काहीच नाही, पाव टिंट (म्हणजे शाईचे विरळ ठिपके), अर्धी टिंट आणि भरीव. चार गुणिले चार गुणिले चार, म्हणजे सगळ्या मिळून 64 छटा, आणि रेषांसाठी वर काळी शाई. या हिशेबात गोऱ्या माणसाची त्वचा सर्वांत सोपी: पाव पिवळा, पाव लाल, काम संपले. रंगकाराला ते मिश्रण झोपेतही लिहिता येई. तपकिरी त्वचेसाठी मात्र तिन्ही शाया एकावर एक चढवाव्या लागत. त्या कागदावर ठिपका पसरतो. प्लेट केसभर हलली तरी चेहरा मळकट होतो आणि नाकडोळ्यांच्या काळ्या रेषा त्यात बुडतात. म्हणून जुन्या अंकांत कृष्णवर्णीय माणसे कधी राखाडी दिसतात, तर कधी मातीच्या गोळ्यासारखी सपाट. चिनी आणि जपानी पात्रांना तर सरळ पिवळा फासला जाई.

यात दुजाभाव किती आणि छपाईची अडचण किती, असे मला अनेकदा विचारले जाते. अडचण खरी होती, हे मी शपथेवर सांगेन. पण 1962 मध्ये हल्कचा पहिला अंक निघाला तेव्हा तो राखाडी होता, हेही लक्षात घ्या. राखाडी रंग पानागणिक वेगळा छापला जाऊ लागला, तेव्हा दुसऱ्याच अंकात त्याला हिरवा करून टाकले. नायकाची अडचण होती म्हणून एका अंकात तोडगा निघाला. तपकिरी चेहऱ्यांसाठी तशी घाई कोणाला झाली नाही.

मीही त्याच पंगतीला बसलेला. 1990 च्या दशकात एका प्रकाशकासाठी मी शिवकाळावरची एक चित्रमालिका रंगवली. मला कोणी तशी सूचना दिली नव्हती, तरी राजे आणि सरदार यांना मी उजळ गव्हाळ छटा दिली, आणि गडाचे पहारेकरी, हेर, मोट हाकणारे, चुलीपुढच्या बायका यांना तपकिरी. हात आपोआप तसाच गेला. मालिका संपल्यावर वाळवा तालुक्यातील एका निवृत्त शिक्षकांचे पोस्टकार्ड आले. त्यात नमस्कारानंतर एकच वाक्य होते: "राजे आणि पहारेकरी एकाच उन्हात फिरत होते ना?" ते कार्ड कितीतरी वर्षे माझ्या टेबलाच्या काचेखाली होते, 2019 च्या पुरात ते टेबलासकट गेले.

आता आपल्या सदस्यांच्या 'हल्ली' या शब्दाविषयी. हे भांडण हल्लीचे नाही. 1954 मध्ये अमेरिकेत कॉमिक्समुळे मुले बिघडतात अशी ओरड झाली आणि प्रकाशकांनी स्वतःवरच 'कॉमिक्स कोड' नावाची तपासणी लादून घेतली. त्या शिक्क्याशिवाय अंक बाजारात खपवणे जवळजवळ अशक्य झाले. ईसी कॉमिक्स या प्रकाशनाने 1953 मध्ये 'जजमेंट डे' नावाची सात पानांची कथा छापली होती. अल फेल्डस्टीन यांचे लेखन, जो ऑर्लँडो यांची चित्रे. पृथ्वीवरून एक अंतराळवीर यंत्रमानवांच्या ग्रहावर तपासणीला येतो. ग्रह प्रगत आहे, सगळे काही शिस्तीत आहे, पण नारिंगी यंत्रमानव आणि निळे यंत्रमानव यांची वस्ती वेगळी, कामे वेगळी, बसमधली जागाही वेगळी. तो कारखाना पाहतो तेव्हा कळते की दोघांच्या आतले भाग एकसारखेच असतात. फरक फक्त वरच्या पत्र्याच्या रंगाचा आणि नंतर शिकवल्या जाणाऱ्या धड्यांचा. तुमचा ग्रह अजून आमच्या संघात यायला तयार नाही, असे सांगून तो परत निघतो. संपूर्ण कथाभर त्याचा चेहरा शिरस्त्राणाआड असतो. शेवटच्या चौकटीत तो एकटा यानात बसून शिरस्त्राण काढतो, आणि तो कृष्णवर्णीय असल्याचे वाचकाला तेव्हा प्रथम दिसते. त्याच्या काळ्या कपाळावर घामाचे थेंब दूरच्या ताऱ्यांसारखे चमकत असतात.

हीच कथा 1956 मध्ये पुन्हा छापायला घेतली तेव्हा कोडच्या प्रमुखांनी अंतराळवीर कृष्णवर्णीय नसावा असा आग्रह धरला. संपूर्ण कथेचा अर्थच त्या एका चौकटीत आहे, हे लक्षात आणून दिल्यावर निदान घामाचे थेंब तरी काढा, असे सांगण्यात आले. प्रकाशक विल्यम गेन्स यांनी दोन्हींना नकार दिला आणि कथा होती तशी छापली. त्या प्रकाशनाचे ते शेवटचे कॉमिक ठरले. एका चेहऱ्यावरचा घाम पुसायचा की नाही, यावर मोठी माणसे भांडली, ही गोष्ट माझ्यासारख्या रंगकाराला फार जवळची वाटते. मिरजेपासून आटपाडीपर्यंत मी ही कथा फळ्यावर खडूने काढून सांगितली आहे. नारिंगी आणि निळ्या यंत्रमानवांपर्यंत मुले हसत असतात. निळ्यांची वस्ती वेगळी आहे असे म्हटले की मागच्या बाकांवर कोणीतरी हळूच आपल्या गावातल्या एका वस्तीचे नाव घेते. मला पुढे काही समजावून सांगावे लागत नाही.

तसे पाहिले तर हा सगळा धंदाच बाहेरच्यांनी उभा केलेला. सुपरमॅन रचणारे जेरी सीगल आणि जो शुस्टर ही क्लीव्हलँडमधील ज्यू स्थलांतरितांची मुले. दूरच्या ग्रहावरून आलेले पोर नाव बदलून परक्या घरी वाढते, ही कल्पना त्यांना कुठून सुचली असेल, हे सांगायला नको. कॅप्टन अमेरिका हिटलरच्या जबड्यावर ठोसा मारतो ते मुखपृष्ठ मार्च 1941 चे, म्हणजे अमेरिका युद्धात उतरण्याच्या आधीचे, आणि ते घडवणारे जो सायमन आणि जॅक कर्बी हेही ज्यूच. त्यांनी आपले दुःख नायकाला दिले, चेहरा मात्र बहुसंख्याकांचा दिला. त्याच वर्षी वंडर वूमन आली, आणि लवकरच तिला सुपरहिरोंच्या मंडळात घेतले ते चिटणीस म्हणून. पुरुष जगाला वाचवायला निघाले आणि ती इतिवृत्त लिहीत मागे राहिली. आपल्याकडच्या संस्थांत महिला सदस्याला कोणते पद आधी दिले जाते, ते आठवून पाहा.

1947 मध्ये फिलाडेल्फियाचे पत्रकार ओरिन इव्हान्स यांनी कृष्णवर्णीय चित्रकारांना घेऊन स्वतःचे कॉमिक काढले. त्यात 'लायन मॅन' नावाचा नायक होता. किंमत 15 सेंट, म्हणजे इतर अंकांपेक्षा 5 सेंट जास्त. दुसऱ्या अंकासाठी त्यांना कागदच मिळू दिला गेला नाही, असे सांगितले जाते. अंक निघाला नाही, एवढे मात्र नक्की. नायकाला मारायला खलनायक लागतोच असे नाही, कागदाचा एक व्यापारीही पुरतो.

ब्लॅक पँथर 1966 चा, स्टॅन ली आणि जॅक कर्बी यांचा. त्याच्या मुखवट्याकडे पाहा. बॅटमॅनची हनुवटी उघडी असते, पँथरचा मात्र संपूर्ण चेहरा झाकलेला, त्यामुळे मुखवटा उतरेपर्यंत तो कोणत्या वर्णाचा आहे हे कळतच नाही. पुढे 1973 मध्ये त्याला स्वतःच्या कथा मिळाल्या त्या 'जंगल अ‍ॅक्शन' नावाच्या मासिकात, ज्यात तोवर जंगलातल्या गोऱ्या वीरांच्या जुन्या गोष्टी पुन्हा छापल्या जात होत्या. लेखक डॉन मॅक्ग्रेगर यांनी कथा वाकांडा या पँथरच्या काल्पनिक आफ्रिकी देशातच ठेवली आणि जवळजवळ सगळी पात्रे कृष्णवर्णीय ठेवली. बिली ग्रॅहम या कृष्णवर्णीय चित्रकाराने त्यातली बरीच पाने काढली. राजा, गद्दार, आचारी, भित्रा, शहाणा, सगळे एकाच समाजातले असल्यामुळे कोणा एकाच्या डोक्यावर समाजाची अब्रू राखण्याचे ओझे राहिले नाही.

माझ्या मते खरी मेख इथेच आहे. गोऱ्या नायकांच्या घोळक्यात एकच वेगळा माणूस उभा केला की तो माणूस उरत नाही, प्रतिनिधी होतो. त्याने चूक केली तर समाजाची बदनामी, आणि चूक केली नाही तर कंटाळा. लेखक ड्वेन मॅकडफी हे सतत मांडत असत. 1993 मध्ये त्यांनी आणखी तीन कृष्णवर्णीय सहकाऱ्यांबरोबर 'माइलस्टोन' ही संस्था काढली. छपाई आणि वितरण सुपरमॅन-बॅटमॅनच्या डीसी या मोठ्या प्रकाशनाकडे, पात्रांची मालकी मात्र स्वतःकडे. त्यांच्या 'आयकॉन'मध्ये नायक हा परग्रहावरून आलेला, पण कृष्णवर्णीय म्हणून वाढलेला श्रीमंत आणि सनातनी वळणाचा वकील आहे, आणि रॉकेट ही त्याची जोडीदार गरीब वस्तीतली तरुण मुलगी आहे. तुझ्यासारखी शक्ती असून तू आमच्यासाठी काय केलेस, असे ती त्याला तोंडावर विचारते. दोघांचेही काही चुकते, काही बरोबर असते. असे भांडण पानावर यायला एकाच समाजाची निदान दोन पात्रे लागतात. आणि मला विशेष आवडते ते हे, की या संस्थेने रंगकामाची स्वतःची पद्धत बसवली. पाने हाताने रंगवून त्वचेच्या छटा वाढवल्या. मूळ मालिका 1997 पर्यंत थांबल्या, पण पानावरचा प्रत्येक चेहरा वेगळ्या तपकिरी रंगाचा असू शकतो, हे त्यांनी दाखवून दिले.

स्त्रियांच्या बाबतीत संख्या वाढूनही दोष वेगळ्या वाटेने शिरला. 1994 च्या एका ग्रीन लँटर्न कथेत नायक घरी येतो आणि त्याच्या प्रेयसीचे प्रेत खलनायकाने फ्रिजमध्ये कोंबलेले आढळते. नायकाला राग यावा एवढ्यासाठीच ती मेली. 1999 मध्ये गेल सिमोन यांनी अशा मारल्या गेलेल्या, जायबंदी झालेल्या नायिकांची यादीच प्रसिद्ध केली, आणि त्या फ्रिजवरून या प्रकाराला नाव पडले. त्या यादीतली बार्बरा गॉर्डन, म्हणजे बॅटगर्ल, 1988 मध्ये गोळी लागून पंगू झाली तीही अशीच, दुसऱ्याच्या कथेसाठी. पण पुढच्याच वर्षी किम येल आणि जॉन ऑस्ट्रँडर यांनी तिला चाकाच्या खुर्चीत बसूनच 'ओरॅकल' केले. सगळ्या नायकांना माहिती पुरवणारी, सर्वांत हुशार. दोन दशके ती तशीच राहिली. 2011 मध्ये तिला पुन्हा पायांवर उभे केले तेव्हा अनेक अपंग वाचक दुखावले. बरी झाली म्हणून कोणी दुखावते का, असे विचारणाऱ्यांनी त्या वाचकांच्या जागी स्वतःला एकदा बसवून पाहावे.

विक्रीच्या युक्तीविषयी आपले सदस्य निम्मे बरोबर आहेत. प्रकाशक युक्त्या करतात. नव्या पात्राचा मोठा गाजावाजा होतो, चार-सहा महिन्यांत मालिका बंद पडते, आणि जुना नायक परत येतो. अशा तोंडदेखल्या बदलांचा मलाही तिटकारा आहे. 2017 मध्ये ब्लॅक पँथर छापणाऱ्या मार्व्हल कंपनीच्याच विक्री विभागाच्या एका वरिष्ठ अधिकाऱ्यांनी वाचकांना विविधता नको आहे अशा अर्थाचे विधान केले, आणि मग सारवासारवही झाली. परंतु या आकड्यांमागची रीत समजून घ्यावी. आपल्या एसटी स्टँडवरच्या विक्रेत्याला न खपलेले अंक परत करता येतात. अमेरिकेत कॉमिक्सची बहुतेक दुकाने 1970 च्या दशकापासून परत न करण्याच्या अटीवर, दोन-तीन महिने आधी मागणी नोंदवून माल घेत आली. नव्या पात्राचे अंक पडून राहिले तर नुकसान दुकानदाराचे. मग तो जुनाच नायक मागवतो, आणि नव्याला मागणी नाही असा आकडा तयार होतो, जो प्रत्यक्षात दुकानदाराच्या भीतीचा आकडा असतो. ज्या मुली त्या दुकानात पाऊलच टाकत नाहीत, आणि पुढे पुस्तकाच्या दुकानातून एकत्रित खंड घेतात किंवा मोबाइलवर वाचतात, त्या मासिक आकड्यात येतच नाहीत.

कमला खानचे उदाहरण मी यासाठीच देतो. 2014 मध्ये 'मिस मार्व्हल' या नावाने तिची मालिका सुरू झाली: जर्सी सिटीतली पाकिस्तानी कुटुंबातली सोळा वर्षांची मुलगी. संपादक सना अमानत आणि लेखिका जी. विलो विल्सन या दोघीही मुस्लिम. चित्रे एड्रियन अल्फोना यांची. पहिल्या अंकाच्या अनेक आवृत्त्या निघाल्या आणि पहिल्या खंडाला विज्ञानकथांसाठीचा 2015 चा ह्यूगो पुरस्कार मिळाला. पण पुरस्कारापेक्षा पहिल्या पानाकडे पाहावे. कमला दुकानात काचेआडच्या डुकराच्या मांसाच्या सँडविचचा नुसता वास घेत उभी आहे. खायचे नाही हे तिला पक्के ठाऊक आहे. वास घ्यायला काय हरकत, एवढेच. सांगलीत हे चित्र कोणालाही समजावून द्यावे लागत नाही. जैन घरातली मुलगी क्लासवरून परतताना अंडाबुर्जीच्या गाडीजवळ सायकलचा वेग कमी करते, तेव्हा ती धर्म सोडत नसते आणि बंडही करत नसते. अशी एक चौकट लिहायला ते घर आतून माहीत असावे लागते. त्याच अंकाच्या शेवटी कमलाला शक्ती मिळते तेव्हा तिचे रूप बदलते ते सोनेरी केसांच्या, गोऱ्या, जुन्या मिस मार्व्हलमध्ये. शक्ती म्हणजे गोरेपण, हे तिच्याही मनात बसलेले असते, आणि पुढचे अंक तिला त्यातून बाहेर यायला लागतात. नंतर ती स्वतःचा पोशाख बुर्किनीतून, म्हणजे अंगभर झाकणाऱ्या पोहण्याच्या कपड्यातून शिवते.

आता आपल्या अंगणात येतो. माझ्या पिढीचा पहिला सुपरहिरो म्हणजे 1964 पासून इंद्रजाल कॉमिक्समधून आलेला वेताळ, म्हणजे इंग्रजीतला फँटम. ली फॉक यांनी 1936 मध्ये रचलेला हा गोरा पुरुष पिढ्यान् पिढ्या आफ्रिकी जंगलाचे रक्षण करतो, आणि जंगलातली माणसे त्याचे गुपित राखतात. आम्ही तो गुडघ्यावर ठेवून वाचला, आणि जंगलातल्या माणसांच्या जागी आपण आहोत हे कधी मनात आले नाही. आम्ही सगळे वेताळच होतो. फॉक यांनीच पुढे त्या जंगलाच्या काल्पनिक देशाला स्वतंत्र केले आणि डॉ. लुआगा नावाचा आफ्रिकी राष्ट्राध्यक्ष आणला, हे न्यायाने सांगितले पाहिजे.

मग 1986 मध्ये हिंदी कॉमिक्समधून नागराज आला, ज्याचे सुरुवातीचे अंक पुण्याच्या प्रताप मुळीक यांनी काढले, आणि 1987 मध्ये अनुपम सिन्हा यांचा ध्रुव. ध्रुव मला अजूनही मोलाचा वाटतो. सर्कशीत वाढलेला, कोणतीही दैवी शक्ती नसलेला, विज्ञान आणि कसरत यांवर चालणारा. याउलट 2004 मध्ये 'स्पायडर-मॅन: इंडिया' निघाले तेव्हा विज्ञानाचा अपघात जाऊन योगीबाबांचा वर आला, पायजम्याच्या जागी धोतर आले, आणि खलनायक तावीजाने राक्षस झाला. निर्माते भारतीयच होते, हेतूही वाईट नव्हता. पण मुंबईत राहणारा, शिकणारा मुलगा शक्तीसाठी योग्याचीच वाट पाहतो, हे कपडे बदलून केलेले काम आहे. आपल्या नायकांना सहसा आडनाव नसते, याकडेही मी कार्यशाळेत लक्ष वेधतो. आडनाव दिले की सांगली जिल्ह्यातला वाचक पुढचे सगळे ओळखतो, म्हणून लेखक ते टाळतात. वाटेगावच्या अण्णा भाऊ साठे यांनी 1959 मध्ये 'फकिरा' लिहिली तेव्हा त्यांनी ते टाळले नाही.

याहून नाजूक गोष्ट बोलीची, आणि तिच्यात माझा स्वतःचा हात आहे. भाषांतर करताना नायकाला मी नेहमी पुणेरी प्रमाण मराठी दिली. रखवालदार, भाजीवाली, गुंडाचा बावळट साथीदार यांना मात्र "काय वो सायेब", "लई येळ झाली की" अशी बोली. मूळ इंग्रजीत त्या पात्रांच्या बोलण्यात असा भेद असेलच असे नाही. तो मी घातला, कारण फुग्यात विनोद हवा होता आणि बोली म्हणजे विनोद, हे माझ्याही अंगवळणी पडले होते. कवठेमहांकाळची मुलगी ते कॉमिक उघडते तेव्हा तिच्या आईची भाषा तिला फक्त बावळटाच्या तोंडी सापडते. त्वचेचा रंग अमेरिकेतल्या कारखान्यात ठरला असेल, हे मात्र सांगलीतल्या माझ्या टेबलावर ठरले. आता मी बोली द्यायची तर नायकालाही देतो. विमान अडवताना तो "थांब की गा!" म्हणाला तर विमान अडत नाही असे कुठे आहे?

सुपरहिरो नसलेले एक पुस्तक तरीही या संचात घ्यावे असे मी सुचवीन: 2011 चे 'भीमायन'. दुर्गाबाई व्याम आणि सुभाष व्याम या परधान गोंड चित्रकारांनी त्यात बाबासाहेबांचे आयुष्य काढले आहे. बाबासाहेब 7 नोव्हेंबर 1900 रोजी साताऱ्याच्या शाळेत दाखल झाले, आणि 1901 मध्ये वडिलांना भेटायला भावंडांबरोबर पाडळीहून मसूरपर्यंत रेल्वेने गेले. जात कळल्यावर गाडीवान गाडी हाकायला तयार होईना, आणि रात्रभर पाणी मिळाले नाही. तो प्रवास या पुस्तकात आहे. मसूर आपल्यापासून काही तासांवर, तिथली चित्रे काढणारे हात मात्र मध्य प्रदेशातले. चित्रकारांनी पाने चौकोनी चौकटींत कापली नाहीत. दिग्ना नावाच्या नक्षीने वळणे घेत त्यांनी जागा विभागली. रेल्वे सापासारखी निघते. मायेने बोललेले शब्द पक्ष्याच्या आकाराच्या फुग्यात आहेत, आणि विखारी शब्दांच्या फुग्याला विंचवाची नांगी आहे. आयुष्यभर फुगे काढूनही मला हे सुचले नव्हते.

निवडताना आपण मुखपृष्ठ झाकून आतली पाने चाळावीत. वेगळ्या वर्णाचे, धर्माचे किंवा लिंगाचे पात्र किती पानांवर बोलते आणि किती पानांवर नुसते मागे उभे असते, हे बोट ठेवून मोजावे. पाच मिनिटांचे काम आहे. त्याचे घर दिसते का, घरात कोणी त्याच्याशी भांडते का, शेवटच्या मारामारीत ते शुद्धीवर असते का, हे पाहावे. पहिल्या पानावरची नावे वाचावीत. सगळी नावे एकाच समाजातली असली म्हणून पुस्तक टाकून देऊ नये, कारण पँथरचे मॅक्ग्रेगरही गोरेच होते. पण त्यांच्या शेजारी ग्रॅहमही होते. सदस्यांचे समाधान होत नसेल तर जुना सुपरमॅनही घ्यावा. तो वाईट नाही, फक्त एकटा फार वर्षे कपाटात बसला आहे.

राहिली कार्यशाळा. जत तालुक्यातील एका शाळेत सहावीतल्या एका मुलीने नायिका काढली होती. तिची शक्ती अशी की तिला कधीच तहान लागत नाही. चित्र उत्तम होते, टँकरच्या टाकीवर एक पाय ठेवून उभी असलेली. रंग भरताना तिने डबीतला फिकट गुलाबी तेलखडू उचलला. तुझा हात कागदाशेजारी ठेवून बघ, असे मी म्हटले. तिने पाहिले, खडूवरचा कागद मला दाखवला आणि म्हणाली, "पण सर, ह्याचं नावच स्किन हाय की."

म्हणून सुरुवात पेन्सिलीपासून करू नका. प्रत्येक मुलाला बोटाएवढी कागदाची पट्टी द्या, आणि जलरंगात यलो ऑकर, बर्न्ट सिएना आणि चिमूटभर निळा मिसळून स्वतःच्या मनगटाचा रंग जुळवायला सांगा. पहिल्या दोन-तीन पट्ट्या बिघडतात. निळा जास्त पडला की मळकट होतो, तेव्हा थोडा पिवळा वाढवावा. रंग वाळल्यावर एक छटा उजळतो, म्हणून ओल्यावर निर्णय घेऊ देऊ नका. जुळलेल्या पट्टीमागे मुलाने नाव लिहावे आणि सगळ्या पट्ट्या दोरीवर टांगाव्यात. चाळीस मुलांच्या वर्गात मला आजवर दोन पट्ट्या एकसारख्या मिळालेल्या नाहीत. नायक काढायचा तो त्यानंतर, आणि त्याचा रंग दोरीवरून निवडायचा. डबीतला तो गुलाबी खडू मात्र फेकून देऊ नका. कमळाच्या पाकळीला तो फार चांगला लागतो.